पेनल्टीच्या ठिपक्याजवळचा खड्डा

१

खड्डा चौकोनी होता, सुबक होता आणि चुकीच्या जागी होता.

एवढं कळायला फुटबॉल कळावा लागत नाही. मला तर त्यातलं ओ की ठो कळत नाही. मी विमा कंपनीत तपासनीस आहे. काय हरवलं, ते खरंच हरवलं का आणि त्यात कुणाचा हात आहे, हे शोधायचा मला पगार मिळतो. कुणी माझ्याशी फार गोड बोलायला लागलं की मी पर्स जवळ ओढून घेते, इतकी मी या धंद्यात मुरले आहे.

क्लब शहराबाहेरच्या चकचकीत नव्या स्टेडियमवर राहायला गेला होता. हे जुनं स्टेडियम सोमवारी पाडायला घेणार होते. आदल्या दिवशी, रविवारी, निरोपाचा कार्यक्रम होता. उत्तरेकडच्या गोलसमोरचा पेनल्टीचा ठिपका गवतमातीसकट उचलायचा आणि काचेच्या पेटीत घालून नव्या स्टेडियमच्या दारात मांडायचा, असं ठरलं होतं. क्लबनं उभ्या आयुष्यात मोठा कप एकदाच जिंकला, आणि तोही इथून मारलेली पेनल्टी गोलकीपरनं शेवटच्या क्षणी अडवली म्हणून. त्या हातभर हिरवळीचा विमा आमच्या कंपनीनं उतरवला होता. उतरवताना आमचे साहेब शुद्धीवर होते की नाही, हे मी विचारलं नाही.

शुक्रवारी सकाळी माणसं आली तेव्हा मैदानात हा खड्डा होता. ठिपका मात्र जसाच्या तसा. खड्डा त्याच्या पूर्वेला, काही पावलांवर.

"चोराला अंधारात दिसलं नाही," क्लबचे सेक्रेटरी म्हणाले. सत्तरी ओलांडलेले गृहस्थ, कडक इस्त्रीचा शर्ट, केसांना तेल. "पण तो परत येईल. त्याआधी तुम्ही त्याचं नाव लिहून द्या म्हणजे झालं."

"नाव माहीत असल्यासारखं बोलताय तुम्ही."

"माहीतच आहे," ते म्हणाले. "ज्यानं ती पेनल्टी अडवली, त्यानंच खणलंय हे."

२

सेक्रेटरींची खोली खेळाडूंच्या बोगद्याच्या डोक्यावर होती. तिथं जाईपर्यंत त्यांनी मला सगळं स्टेडियम दाखवलं. पूर्वेचा स्टँड मागाहून बांधलेला, सिमेंटचा. पश्चिमेचा लाकडी बाकांचा, बसून बसून गुळगुळीत झालेला. खाली कपडे बदलायच्या खोल्या, सगळी टीम एकदम डुंबेल असा फरशीचा हौद, मालिशचं टेबल, बुटांची खोली. नळ आधीच काढून नेले होते. पाहुणे निघून गेलेल्या घरासारखं सगळं दिसत होतं.

"ही खोली मात्र तशीच ठेवलीय," ते म्हणाले. टेबलावर काळा, जड फोन होता. "त्या काळी अख्ख्या स्टेडियममध्ये एवढा एकच फोन. आणि हाफ टाइमला बँड वाजायचा तो या खिडकीच्या बरोब्बर खाली, बोगद्याच्या तोंडाशी. स्वतःचा आवाज स्वतःला ऐकू यायचा नाही."

"मॅच इथूनच बघायचात?"

"पहिला हाफ बाहेर, बेंचवर. दुसरा कधीच बघितला नाही." ते जरा लाजून हसले. "माझा आपला समज. मी बघितलं की आम्ही हरतो. हाफ टाइमला वर यायचो, दार लावून घ्यायचो, मॅच संपेपर्यंत इथून हलायचो नाही. कप जिंकला त्या दिवशीही इथंच बसलो होतो, या खुर्चीत, एकटा."

भिंतीवर तो सुप्रसिद्ध फोटो होता. गोलकीपर स्वतःच्या डावीकडे आडवा झेपावलाय, चेंडू त्याच्या बोटांवर आहे, आणि त्याच्या मागे दिव्यांचा उंच लोखंडी खांब बरोबर गोलच्या मधोमध उभा आहे. लोक त्याला 'भिंत' म्हणायचे. त्याचं खरं नाव क्लबातही कुणी घेत नसे.

"त्याच्यावर संशय का?"

"रविवारी सत्काराला बोलावलं, तर येत नाही म्हणाला. इतकी वर्षं या स्टेडियमचं तोंड पाहिलं नाही. आणि काल संध्याकाळी वॉचमननं त्याला फाटकापाशी उभं पाहिलं. पार्किंगच्या बाजूची भिंत पडलीय, तिथून कुणीही आत येईल." त्यांनी एक कागद पुढे सरकवला. "तुमची सही झाली की रविवारी स्टेजवरून सांगून टाकू. लोकांनाही कळू दे, कुणाला डोक्यावर घेऊन नाचत होते ते."

एका म्हाताऱ्या माणसाची अब्रू माझ्या पेनाच्या टोकाशी आली होती. मी पेन पर्समध्ये ठेवून दिलं आणि खाली उतरले.

३

मैदान सांभाळणारे माळीदादा खड्ड्याशेजारी उकिडवे बसले होते. डोळे लाल. सोमवारी बुलडोझर फिरणार असलेल्या मैदानातल्या एका भोकासाठी रडणारा माणूस मी पहिल्यांदाच पाहिला.

"मशीननं कापलंय का हे?" मी विचारलं.

"छे हो. मी मशीननं कापतो, मला त्याची रेघ कळते. हे हातानं कापलंय. आणि बघा, कडा सरळ नाहीत, आत उतरत गेल्यात. गवत परत लावलं तर नीट बसावं म्हणून जुने लोक असं कापायचे."

"म्हणजे चोराला ते परत लावायचं होतं?"

"ते मला काय ठाऊक. पण अजून एक सांगतो. सकाळी मी आलो तेव्हा खड्ड्याच्या कडा ओल्या होत्या. पाणी मारलं होतं कुणीतरी, उरलेलं गवत सुकू नये म्हणून."

"जे मैदान तीन दिवसांनी उखडणार, त्याच्या गवताला?"

"तेच तर." त्यांनी बाहीनं डोळे पुसले. "ही माझ्याआधीच्या माळीबाबांची पद्धत, असं ऐकून आहे. मी आलो तेव्हा ते हयात नव्हते. पूर्वेचा स्टँड बांधून झाला, सगळं मैदान नव्यानं पेरायचं होतं, तेव्हा मला घेतलं."

मी खड्ड्यात वाकून पाहिलं. गवताचा थर उचलायला एवढं खोल जायची गरज नव्हती. तळाशी माती दाबली गेली होती, आणि त्या दाबलेल्या मातीत एक गोल होता, थाळीएवढा, कडेनं तांबूस. मी बोट फिरवून पाहिलं. गंज लागला बोटाला.

म्हणजे चोर गवत न्यायला आलाच नव्हता. गवताखाली काहीतरी पुरलं होतं, आणि ते त्याला माहीत होतं.

४

उत्तरेच्या स्टँडखाली, गोलच्या मागे, क्लबची लॉन्ड्री होती. खोली अर्धी जमिनीत. खिडकी मैदानाच्या पातळीला, तिच्यातून गवत डोळ्यांच्या समोर यायचं. तिथं मावशी जुन्या जर्सींच्या घड्या घालत बसल्या होत्या. सगळा क्लब त्यांना मावशीच म्हणायचा. फाटकाच्या किल्ल्या तिघांकडे होत्या, सेक्रेटरी, माळीदादा आणि या.

"बसा ताई. खुर्ची पुसून घ्या आधी, नाहीतर तुमच्या साडीला माझी आठवण राहील."

"काम फार आहे?"

"कसलं काम. नव्या जागी मशीन आहेत, बटण दाबलं की वाळून बाहेर. इथला बॉयलर उन्हाळ्यातच बंद केला. मी आपली लिलावाच्या जर्सी बांधते." त्यांनी एक कॉलर अंगठ्यानं सपाट केली. "मी इथंच वाढले. माझे वडील याच मैदानात राबले आणि याच मैदानात पडले. सोमवारपासून कुठं जायचं, हे पायांना सांगावं लागेल."

"भिंत कसा होता स्वभावानं?"

घडी क्षणभर थांबली. "बोलायचा नाही फार. मी बाकीच्यांच्या जर्सीच्या कॉलरी हातानं घासायचे. त्याची तेवढी मशीनमध्ये टाकायचे."

"का बरं?"

"त्याचं कापड वेगळं होतं," त्या म्हणाल्या. खोटं बोलणारा माणूस उत्तर लगेच देतो, तसं लगेच.

मी खोलीभर नजर फिरवली. इस्त्र्यांच्या ओळीशेजारी खिळ्याला अर्ध्या चंद्रासारखं एक पातं टांगलं होतं, लांब लाकडी दांड्याचं. कोपऱ्यात पत्र्याचा मोठा टब, त्यावर ओला टॉवेल. मी खिडकीशी गेले. तिच्यातून गोलचा एकच खांब दिसत होता, तोही कडेला. समोर मात्र माळीदादा खड्ड्याशी बसलेले नीट दिसत होते.

हे सगळं मी पाहिलं आणि त्यातलं काहीच मला दिसलं नाही. मी मावशींचा निरोप घेऊन सरळ भिंतीच्या घरी गेले.

५

तळमजल्यावर दोन खोल्या. कप नाही, मेडल नाही, फोटो नाही. भिंतींवर नुसते खिळे. त्यानंच काहीतरी लावून पुन्हा उतरवलं असावं.

चहा त्यानं स्वतः केला. आपला कप मात्र दोन्ही तळव्यांत धरून तोंडाशी नेला. बोटं इतक्या वेळा मोडली होती की एकही सरळ नव्हतं, आणि मूठ मिटत नव्हती. हा माणूस कात्रीनं कागद कापू शकला नसता, मातीचा चौकोन तर सोडाच. सेक्रेटरींचा कागद माझ्या डोक्यात तिथंच फाटला.

"काल तुम्ही फाटकापाशी होतात."

"होतो. पाडणार म्हणून बघायला गेलो. आत पाय उचलला नाही."

"तिथं तुमचं काही कुणी पुरलंय का?"

त्यानं माझ्याकडे इतक्या निर्मळपणे पाहिलं, की उत्तराची गरज राहिली नाही. मग त्यानं कप खाली ठेवला.

"त्या मॅचच्या दिवशी माझा मुलगा दवाखान्यात होता," तो म्हणाला. "तापानं. आठ वर्षांचा. दवाखाना स्टेडियमच्या मागच्याच रस्त्याला. सकाळी ताप उतरला, तेव्हा त्याची आई म्हणाली, जा, खेळून या. मी खेळलो. पेनल्टी अडवली. लोकांनी खांद्यावर घेऊन मैदानाला फेरी मारली, आणि फेरी संपल्यावर सेक्रेटरी कानात म्हणाला, दवाखान्यातून फोन आलाय, आत्ताच. मी तसाच बुटांनी पळालो. दवाखान्याच्या फरशीवर ते खिळ्यांचे बूट सरकत होते. पोचलो तेव्हा चादर तोंडावरून ओढलेली होती."

माझ्या पेशात सांत्वन शिकवत नाहीत.

"तिनं फोन एवढा उशिरा का केला, हे मी तिला कधी विचारलं नाही. विचारणं म्हणजे तिच्या तोंडावर म्हणणं, की तुझ्यामुळे माझी भेट चुकली. ते मला म्हणायचं नव्हतं. पण मनात होतं, आणि ते तिला दिसत असणार. ती माझ्याकडे बघेनाशी झाली. वर्षभरात वेगळे झालो."

"आता कुठं असतात त्या?"

"तिथंच," तो म्हणाला. "तुम्ही भेटला असाल की. लॉन्ड्रीत."

६

बसमध्ये बसल्यावर मला एकेक गोष्ट दिसायला लागली. आधीच दिसायला हवी होती, पण आता निदान ओळीनं येत होत्या.

फोटोत दिव्यांचा खांब गोलच्या बरोबर मधोमध होता. आज तो गोलच्या एका बाजूला आहे. लोखंडी खांब चालत नाहीत. मग चालला असेल तो गोल. पूर्वेचा स्टँड बांधताना जागा कमी पडली, सगळं मैदान पश्चिमेला सरकवलं आणि नव्यानं पेरलं. म्हणजे ज्या ठिपक्याचा विमा उतरवला होता तिथून ती पेनल्टी कधी मारलीच गेली नव्हती. खरी जागा होती तिथं खड्डा होता. चोर चुकला नव्हता, चुकत होतो आम्ही सगळे.

आता, खरी जागा कुणाला ठाऊक? माळीदादा मैदान सरकवल्यावर आले. भिंतीच्या हातून कापणं शक्य नाही. सेक्रेटरींना जागा नक्कीच ठाऊक होती, पण तेलकट केसांचा तो गृहस्थ उखडायच्या मैदानाच्या गवताला पाणी घालणारा नव्हे. तसं न राहवून करणारा माणूस ते लहानपणापासून बघत आलेला हवा. माळीबाबांच्या हाताखाली वाढलेला.

मावशींचे वडील याच मैदानात राबले होते, म्हणजे माळीबाबा तेच, आणि खिळ्यावरचं ते अर्धचंद्री पातं गवत कापायचं. उन्हाळ्यापासून बंद असलेल्या लॉन्ड्रीत टॉवेल ओला होता. आणि त्यांच्या खिडकीतून गोल कडेला दिसत होता, पण खड्डा अगदी समोर.

मी लॉन्ड्रीत शिरले तेव्हा मावशी त्या खिडकीशीच होत्या. मी टबावरचा टॉवेल उचलला. आत चौकोनी हिरवळ होती, टवटवीत, नुकतं पाणी घातलेली. तिच्याशेजारी गंजलेला बिस्किटांचा गोल डबा.

"उघडा," मावशी म्हणाल्या. "तुम्ही पकडलंत, तुमचा मान."

डब्यात मेणकापड होतं आणि मेणकापडात गोलकीपरचे हातमोजे. एवढेसे. मोठ्या माणसाचे झिजलेले मोजे उसवून, कापून, लहान हातासाठी पुन्हा शिवलेले. टाके बारीक होते.

"त्याच्या बापाच्या जुन्यातून मीच शिवले होते," त्या म्हणाल्या. "दवाखान्यातही उशाशी घेऊन झोपला होता."

"ठिपक्याखाली का पुरलेत?"

"रागानं." त्या अगदी शांतपणे म्हणाल्या. "तो गोलमध्ये उभा राहिला की नजर कुठं जाते? त्या ठिपक्याकडे. म्हटलं, बघ. दर मॅचला बघ, तू कशाकडे पाठ फिरवलीस ते. तुला कळो न कळो. मी या खिडकीतून बघायचे त्याच्याकडे. मला त्याची पाठ दिसायची, तेवढी पुरे होती."

"मावशी, त्यांना फोनच उशिरा आला असं ते म्हणतात."

"उशिरा?" त्यांच्या आवाजाला पहिल्यांदाच धार आली. "हाफ टाइमला केला मी फोन. डॉक्टर म्हणाले बोलावून घ्या, वेळ नाही. पलीकडे इतका बँड वाजत होता की मला ओरडून सांगावं लागलं. थोड्या वेळानं पुन्हा केला, तर म्हणे निरोप दिलाय, तो म्हणाला, मॅच संपली की येतो. असं म्हणाला तो. मागच्या रस्त्याला पोर शेवटच्या घटका मोजत होतं, आणि तो म्हणाला मॅच संपली की येतो."

"कुणी सांगितलं तुम्हाला असं?"

मावशींनी डब्याचं झाकण लावलं, परत काढलं. एवढ्या वर्षांत हा प्रश्न त्यांना कुणी विचारला नसावा. त्यांनी स्वतःलाही विचारला नव्हता.

७

सेक्रेटरी वर आपल्या खुर्चीत बसले होते. त्यांचा कागद माझ्या सहीची वाट बघत टेबलावर पडला होता.

"साहेब, ठिपका सरकलाय हे तुम्हाला माहीत होतं," मी म्हटलं.

"लोकांना काय फरक पडतो? गवत ते गवत."

"खरंय. त्याबद्दल मी आले नाही. स्टेडियममध्ये फोन एकच होता, हा. बँड या खिडकीखाली वाजायचा, आणि फक्त हाफ टाइमला. बाईंनी फोन केला तेव्हा त्यांना बँड ऐकू येत होता. आणि हाफ टाइमपासून मॅच संपेपर्यंत या खोलीत दार लावून एकच माणूस बसायचा. हे मला तुम्हीच सांगितलंत, न विचारता."

त्यांनी फोनकडे पाहिलं. जणू तो अजून वाजेल अशी त्यांना भीती होती.

"दुसऱ्या गोलकीपरचं बोट मोडलं होतं," शेवटी ते म्हणाले. "हा गेला असता तर गोलमध्ये उभं कोण राहणार? मी म्हटलं, पाऊण तासाचा तर प्रश्न आहे. मूल तापातून उठतंच. तिला धीर वाटावा म्हणून म्हटलं, निरोप देतो. तिचा पुन्हा फोन आला, तेव्हा काहीतरी सांगावं लागलं. मग त्याला सांगताना, आत्ताच आला म्हटलं. एकदा एक बोललं की पुढचं आपोआप येतं."

"आणि नंतर? इतक्या वर्षांत?"

"नंतर रस्त्यावर माणसं नाचत होती. अनोळखी लोक गळ्यात पडत होते. तुम्हाला कल्पना नाही, त्या कपानं या गावाला काय दिलं."

"मला फुटबॉल कळत नाही," मी म्हटलं. खोट्या आगी लावणारे पाहिले, स्वतःचं दुकान स्वतःच लुटणारे पाहिले, असा माणूस नव्हता पाहिला. मी त्यांचा कागद उलटा करून ठेवला. "त्या माणसाचं नाव स्टेजवरून घेणार होतात तुम्ही. का?"

"तो फाटकापाशी आला म्हणून." ते इतकं हळू बोलले की मला पुढे वाकावं लागलं. "आज ना उद्या आत आला असता. तिच्याशी बोलला असता. चोर ठरला असता, तर पुन्हा इकडे फिरकला नसता."

मी दार उघडून धरलं. "चला. खाली त्या बसल्यात. तुम्हीच सांगायचं, मी जिन्यात उभी राहते."

त्यांना उठायला वेळ लागला. लॉन्ड्रीच्या दारात उभं राहून त्यांनी सगळं सांगितलं, आत पाऊल न टाकता. मावशी जर्सीची घडी घालत होत्या, ती पूर्ण केली. मग दुसरी घेतली. सेक्रेटरी थांबले, माफीचा एक शब्द बोलले, आणखी एक बोलू लागले, तेव्हा त्या म्हणाल्या, "त्यांना सांगितलंत?"

"नाही अजून."

"सांगू नका. तुमच्या तोंडून आता काही नको. मी सांगते."

ते गेल्यावर त्या माझ्याकडे वळल्या. इतक्या वेळात त्यांच्या डोळ्यांत पाणी नव्हतं. "ताई, मी त्यांना किती वर्षं त्या जागेकडे बघायला लावलं," त्या म्हणाल्या, आणि मग मात्र तोंडात पदर कोंबला.

८

माझा अहवाल दोन ओळींचा आहे. विमा उतरवलेला ठिपका जागेवर सापडला, चोरी झालेली नाही. रविवारी तो मोठ्या थाटात उचलला गेला, लोकांनी टाळ्या वाजवल्या, काहींनी काचेला हात लावून डोळे पुसले. स्टेजवर सेक्रेटरी नव्हते. प्रकृती बरी नाही असं सांगण्यात आलं. ते गवत खोटं आहे हे मी कुणाला सांगितलं नाही. लोकांचं रडणं खरं होतं.

पण ते रविवारचं. शनिवारी दुपारी मी भिंतीला रिक्षानं फाटकापर्यंत आणलं. तिथं तो थांबला. माळीदादांनी आतून फाटक सताड उघडलं आणि बाजूला झाले. मग तो आत आला.

मावशी खड्ड्याशी बसल्या होत्या. मी लांब, लाकडी बाकांवर जाऊन बसले. निघून जायला हवं होतं, पण माझे पाय तयार नव्हते. रिकाम्या स्टेडियममध्ये आवाज फार लांब जातो.

त्यांनी सांगितलं तेवढा वेळ तो उभाच होता. सांगून झाल्यावर तो गुडघ्यांवर बसला, म्हातारे बसतात तसा टप्प्याटप्प्यानं. मावशींनी डबा उघडून मोजे त्याच्या तळव्यांवर ठेवले. त्यानं एक मोजा हातात चढवायचा प्रयत्न केला. त्याची वाकडी बोटं टोकापर्यंतही गेली नाहीत.

"मला वाटायचं तू मला कळवलंच नाहीस," तो म्हणाला.

"मला वाटायचं तुम्ही आला नाहीत."

कालपर्यंत त्या त्याला अरेतुरे करत होत्या. एवढ्या वर्षांचं बोलणं दोन वाक्यांत संपलं होतं, आणि त्याचं काय करायचं ते दोघांनाही कळत नव्हतं.

थोड्या वेळानं मावशींनी टबातून आणलेला हिरवळीचा चौकोन खड्ड्यात बसवला. उतरत्या कडा एकमेकींत अलगद बसल्या. त्यांनी तळहातानं थोपटून सपाट केलं आणि तांब्यानं कडेकडेनं पाणी सोडलं.

"परवा सगळं उखडणार आहेत," तो म्हणाला.

"हो."

मोजे त्यानं छातीशी धरले होते. "शेवटी काही बोलला का तो?"

मावशींनी तांब्या खाली ठेवला. "स्कोअर विचारत होता. सारखा. मैदानातून एकदा मोठा ओरडा ऐकू आला, तर म्हणाला, आई, काय झालं? मला काय ठाऊक काय झालं ते. म्हटलं, पेनल्टी होती, बाबांनी अडवली."

"तेव्हा पेनल्टी झाली नव्हती."

"नव्हती. ती नंतर झाली. तो गेल्यावर." त्यांनी ओल्या गवतावरून हात फिरवला. "पण हसला तो. म्हणाला, कुठल्या बाजूला उडी मारली? मी म्हटलं, डावीकडे."

भिंत त्या चौकोनाकडे बघत राहिला. मग त्याचे खांदे हलायला लागले. मावशींनी त्याचा वाकडा हात, मोज्यासकट, आपल्या ओल्या हातात घेतला.

"डावीकडेच मारली होती मी," तो म्हणाला.

"माहीत आहे मला," त्या म्हणाल्या.